बर्न्सच्या पाऊलखुणांवरची एक दिवसाची सहल: अर्धी जमलेली, अर्धी हुकलेली

स्कॉटलंडचा लाडका कवी रॉबर्ट बर्न्स २५ जानेवारी १७५९ रोजी ॲलोवे या खेड्यात जन्मला आणि २१ जुलै १७९६ रोजी, वयाच्या अवघ्या ३७व्या वर्षी, डम्फ्रीस या गावी वारला. या दोन गावांच्या मधल्या शेतांत, दारूच्या गुत्त्यांत आणि चर्चच्या आवारांत त्याचे बहुतेक आयुष्य गेले असल्यामुळे ते सारे एका दिवसात दाखवून आणण्याचा मोह सहल कंपन्यांना होणे स्वाभाविक आहे. ग्लासगोहून सकाळी आठला निघणाऱ्या आणि रात्री परत आणून सोडणाऱ्या अशाच एका छोट्या कंपनीच्या सहलीला मी गेल्या मे महिन्यात गेले होते. सोळा आसनांची गाडी, चालक हाच मार्गदर्शक, संग्रहालयाचे तिकीट आणि जेवण आपल्या खर्चाने, आणि दिवसभरात पावणेतीनशे किलोमीटरच्या आसपास प्रवास, असा एकूण बेत होता.

पहिला मुक्काम ॲलोवे. बर्न्सचे वडील विल्यम हे माळीकाम करणारे गृहस्थ. त्यांनी स्वतःच्या हाताने बांधलेले मातीच्या भिंतींचे, गवताने शाकारलेले बुटके घर आजही रस्त्याच्या कडेला उभे आहे. माणसे आणि गुरे एकाच छपराखाली राहत असत, हे ऐकून आमच्या गाडीतील काही मंडळींनी आश्चर्य व्यक्त केले. कोकणात किंवा देशावर बालपण गेलेल्या माणसाला मात्र त्यात नवल वाटणार नाही. स्वयंपाकघरातच, भिंतीत बसवलेल्या लाकडी कपाटासारख्या पलंगावर बर्न्सचा जन्म झाला. तो काही दिवसांचा असतानाच वादळाने घराची एक भिंत ढासळली आणि बाळबाळंतिणीला शेजाऱ्यांकडे हलवावे लागले, ही हकीकत आमच्या मार्गदर्शकाने इतक्या रंगवून सांगितली की पलंग नीट पाहायचा राहून जातो की काय असे मला वाटले. अर्थात ही तक्रार जुनी आहे. या घराचे पुढे दारूचे दुकान झाले होते. १८१८ साली कीट्स हा कवी येथे आला, तेव्हा तेथील म्हाताऱ्या रखवालदाराच्या बडबडीने तो इतका वैतागला की त्या घरात लिहिलेले आपले सुनीतही बिघडले, असे त्याने मित्राला कळवले होते. त्या मानाने आमचे नशीब चांगले म्हणायचे.

घरापासून नव्या संग्रहालयाकडे एक पायवाट जाते आणि त्या वाटेवर बर्न्सच्या कवितेतील उंदराचे भलेमोठे शिल्प उभे आहे. नोव्हेंबर १७८५ मध्ये नांगराच्या फाळाने उंदराचे बीळ उद्ध्वस्त झाले, तेव्हा नांगर धरणाऱ्या शेतकऱ्याने त्या जिवाची क्षमा मागावी, अशी ही कविता. एवढ्याशा जिवाचे एवढे थोरले शिल्प का, असे प्रथम वाटते. पण शाळकरी पोरे त्याच्याभोवती नाचताना पाहिली आणि माझा आक्षेप मी मागे घेतला. संग्रहालय २०१० च्या अखेरीस सुरू झाले आणि ते नॅशनल ट्रस्ट फॉर स्कॉटलंड ही संस्था चालवते. त्याची सर्वांत चांगली गोष्ट म्हणजे माहितीफलकांवर स्कॉट्स भाषेला दिलेली जागा. बेर्न म्हणजे लेकरू, किर्क म्हणजे चर्च, ब्रिग म्हणजे पूल, एवढे समजले की पुढचे हळूहळू लागत जाते. माझी आजी वऱ्हाडी बोलत असे आणि पुण्यात आल्यावर पाहुण्यांसमोर मुद्दाम पुस्तकी बोलण्याचा प्रयत्न करी. त्या फलकांपुढे उभी असताना ती मला वारंवार आठवली. येथे तासभर मिळाला. दोन तास हवे होते.

या सहलीचे पैसे खऱ्या अर्थाने वसूल झाले ते त्यानंतरच्या पाऊण तासात. मार्गदर्शकाने गाडी तिथेच ठेवली आणि आम्हांला चालत जुन्या ॲलोवे चर्चमध्ये नेले. छप्पर नसलेल्या त्या भग्न चर्चच्या आवारात विल्यम यांचे थडगे आहे. तेथून डून नदीवरील पंधराव्या शतकातील एककमानी पुलापर्यंत जाताना त्याने 'टॅम ओ शॅन्टर' ही दीर्घ कविता तोंडपाठ म्हणून दाखवली. जवळच्या एअर गावच्या बाजारातून झिंगून घरी निघालेला टॅम चर्चमध्ये चेटकिणींचा नाच पाहतो, आखूड झगा घातलेल्या एकीला न राहवून मोठ्याने दाद देतो आणि मग घोडी पिटाळत या पुलाकडे पळत सुटतो, कारण वाहते पाणी ओलांडून चेटकिणी मागे येऊ शकत नाहीत. तरी पुलाच्या माथ्याशी ती चेटकीण घोडीची शेपटी उपटून घेतेच. पुलाचा चढ चांगलाच उभा आहे आणि दगड पावसाने निसरडे झाले होते. मध्यावर पोहोचून मार्गदर्शक थांबला, कमानीच्या माथ्यावरच्या दगडावर बूट आपटून म्हणाला, "घोडीची शेपटी गेली ती इथे," आणि क्षणभर आम्ही सगळे मागे वळून पाहू लागलो. कविता नकाशासारखी पायांखाली उलगडण्याचा असा अनुभव मला पुस्तकाने कधी दिला नव्हता.

दुपारनंतर मात्र सहलीची घडी विस्कटली. मॉकलिन येथे बर्न्स आणि त्याची पत्नी जीन आर्मर यांचे पहिले बिऱ्हाड, चर्चच्या आवारात त्याने ज्याची दांभिक म्हणून खिल्ली उडवली त्या 'होली विली'चे थडगे आणि पूझी नॅन्सीचा गुत्ता, हे सारे हाकेच्या अंतरावर आहे. त्याऐवजी आमचा दीड तास गावाबाहेरच्या एका हॉटेलात जेवणात गेला. तेथे आम्हांला का नेले, हे बिल पाहिल्यावर समजले. उरलेल्या वीस मिनिटांत मॉकलिन उरकले.

त्याहून खटकलेली गोष्ट म्हणजे एलिसलँड. डम्फ्रीसच्या अलीकडे दहाएक किलोमीटरवर, नीथ नदीच्या काठी असलेले हे शेत बर्न्सने १७८८ मध्ये खंडाने घेतले. 'टॅम ओ शॅन्टर' येथेच लिहिली गेली आणि 'ऑल्ड लँग साइन' हे गाणे याच काळातले. खडकवासल्याच्या प्रबोधिनीत दीक्षान्त संचलनाच्या शेवटी छात्र ज्या धूनवर संथ पावले टाकत बाहेर पडतात, ती हीच, हे मी गाडीत सांगितले तेव्हा मार्गदर्शक मनापासून खूश झाला. पण उशीर झाल्याचे कारण देऊन त्याने एलिसलँडच्या फाट्यावरून गाडी तशीच पुढे काढली. कंपनीच्या पत्रकात या शेताचे छायाचित्र पहिल्या पानावर होते. परत आल्यावर लिहिलेल्या पत्राला कंपनीने सौजन्यपूर्ण उत्तर दिले. पैसे परत दिले नाहीत.

डम्फ्रीसला चाळीस मिनिटे मिळाली. त्यात अबकारी खात्याची नोकरी करत बर्न्सने शेवटची वर्षे काढली ते घर, आणि लोकवर्गणीतून बांधलेली घुमटाकार समाधी, एवढे धावतपळत झाले. म्हणून तीन दिवसांनी मी एकटीच ग्लासगोहून आगगाडीने पुन्हा डम्फ्रीसला गेले आणि त्या घरातील खिडकीच्या काचेवर त्याने कोरलेली सही या वेळी निवांत पाहिली. उजेडाच्या एका ठरावीक कोनातूनच ती नीट दिसते. आदल्या खेपेस मी तिच्यासमोर उभी राहूनही मला ती दिसली नव्हती. त्याच्या बैठकीच्या ग्लोब इन या जुन्या मद्यगृहात त्याची खुर्ची आहे. तिच्यावर बसणाऱ्याने त्याची कविता म्हणावी, नाही तर सर्वांना पेय पाजावे, असा तेथला रिवाज आहे. मी उंदराच्या कवितेच्या दोन ओळी पाठ करून गेले होते आणि त्यांवर निभावले.

ही सहल घ्यावी का, असे कोणी विचारले तर माझा सल्ला असा की त्या मार्गदर्शकाच्या तोंडून ती कविता पुलावर ऐकण्यासाठी अवश्य घ्यावी, डबा बरोबर न्यावा आणि डम्फ्रीससाठी दुसरा दिवस राखून ठेवावा. चप्पल नको, पुलावर पकड घेणारे बूटच हवेत. एलिसलँडला जाणाऱ्याने डम्फ्रीसहून टॅक्सी करावी, आणि शेत त्या दिवशी पाहण्यास खुले आहे का, हे आधी दूरध्वनी करून विचारून घ्यावे.