आवाज बंद ठेवून बघा : कार्टून नेटवर्कवरचं ‘लॅम्पुट’

मुलांच्या वाहिन्यांवर दिवसभर जी कार्टून चालतात, त्यांत माझ्या वर्गातल्या मुलांना कुणाच्याही मदतीशिवाय पुरतं कळणारं एक कार्टून आहे, ते म्हणजे ‘लॅम्पुट’. मी सांगली जिल्ह्यातल्या एका निवासी शाळेत कर्णबधिर मुलांना शिकवते. संध्याकाळचा अभ्यास संपल्यापासून जेवणाची ताटं मांडेपर्यंत वसतिगृहाच्या मोठ्या खोलीत टीव्ही लागतो आणि त्या वेळी देखरेखीची पाळी माझी असली की मी मुलांबरोबर बसते. खरं सांगायचं तर टीव्हीपेक्षा मुलांकडेच बघते. कोण कधी हसतं, कोण शेजाऱ्याला कोपराने ढोसून ‘काय झालं?’ असं खुणेनं विचारतं, कोण पाच मिनिटांत कंटाळून खिडकीत जाऊन उभं राहतं, हे सगळं तिथे दिसतं. पुढे लिहिलेलं परीक्षण त्या बसण्यातून आलेलं आहे.

आधी बोलक्या कार्टूनांबद्दल सांगते, म्हणजे लॅम्पुटचं मोल कळेल.

निक या मुलांच्या वाहिनीवरचं ‘मोटू पतलू’ 2012 पासून चालू आहे. ‘लोटपोट’ या हिंदी मासिकातली ही जुनी जोडी मुंबईच्या कॉसमॉस-माया स्टुडिओने पडद्यावर आणली. ऐकू येणाऱ्या मुलांना ती का आवडते हे मला नीट समजतं, माझी भाची त्यांचे संवाद घडाघडा म्हणून दाखवते. घसीटारामचा कुठल्याही कामातला वीस वर्षांचा अनुभव, डॉक्टर झटकाचं पंजाबी वळणाचं बोलणं, इन्स्पेक्टर चिंगमचा दाक्षिणात्य हेल. पण ही सगळी गंमत तोंडातून बाहेर पडते. आमच्या मुलांना दिसतात ती चार माणसं समोरासमोर उभी राहून तोंडं हलवताना. तीही बराच वेळ.

इथे कुणी म्हणेल, तुमची मुलं ओठ वाचायला शिकतात ना? शिकतात, आणि जीव तोडून शिकतात. ‘प’ म्हणताना ओठ मिटतात, ‘ऊ’ म्हणताना चंबू होतो, हे आरशासमोर बसून घोटून घेतो आम्ही. पण कार्टूनमधल्या पात्रांना ओठांच्या मोजक्याच आकृत्या दिलेल्या असतात आणि त्याच फिरवून फिरवून वापरल्या जातात. शिवाय एकच चित्रफीत अनेक भाषांत बोलायची असते, म्हणून ओठांची उघडझाप कुठल्याच भाषेशी घट्ट बांधलेली नसते. ऐकू येणाऱ्याच्या हे लक्षातही येत नाही, कारण त्याचं लक्ष आवाजाकडे असतं. आमचं एखादं हुशार पोर मात्र मोटूच्या तोंडाकडे टक लावून बसतं आणि त्याच्या हाती काही लागत नाही. एका नव्या मुलाची आई सुट्टीत त्याला न्यायला आली तेव्हा टीव्हीकडे बघत म्हणाली, “बाई, ह्याला ह्यातलं काय कळतंय का ओ?” मी म्हटलं, “नारळ कळतो.” चिंगम बंदुकीचा बार हवेत काढतो आणि वरून नारळ त्याच्याच डोक्यावर पडतो, तेव्हा सगळी खोली हसते. आमच्या मुलांनी चिंगमला जी खूण ठरवली आहे ती बंदुकीचीही नाही आणि मिशांचीही नाही, ती डोक्यावर मूठ आपटायची आहे.

पोगोवरच्या ‘छोटा भीम’चं जरा बरं आहे. हैदराबादच्या ग्रीन गोल्ड स्टुडिओने 2008 मध्ये ही मालिका आणली आणि तिची घडण मुळात चित्रातून समजेल अशी आहे. ढोलकपूरवर संकट येतं, कालिया आणि ढोलू-भोलू काहीतरी गडबड करतात, भीमाची ताकद कमी पडते, टुनटुन मौसीचा लाडू पोटात जातो आणि दंड फुगतात. एवढं दिसलं तरी मुलांना गोष्टीची दोरी सापडते. मात्र संकट का आलं, राजा इंद्रवर्माच्या दरबारात काय ठरलं, चुटकी का रुसली, ही कारणं बोलण्यात असतात. त्यामुळे आमच्या मुलांना गोष्टीतला ‘काय’ मिळतो, ‘का’ मिळत नाही. आणि भाषा शिकवणाऱ्या माणसाला ‘का’ची किंमत फार असते. कर्णबधिर मुलांच्या लिखाणात ‘म्हणून’ आणि ‘कारण’ सगळ्यांत उशिरा येतात.

आता लॅम्पुट. मुंबईचे ॲनिमेटर वैभव कुमारेश यांची ही निर्मिती. अहमदाबादच्या राष्ट्रीय डिझाइन संस्थेत शिकलेले हे गृहस्थ मातीच्या बाहुल्या हलवून केलेल्या ॲमरॉन बॅटरीच्या जाहिरातींमुळे आणि चॅनल व्हीवरच्या सिम्पू या पात्रामुळे बऱ्याच जणांना माहीत असतील. लॅम्पुट सुरू झालं तेव्हा एकेक तुकडा जेमतेम 15 सेकंदांचा होता, दोन कार्यक्रमांच्या मधल्या फटीत बसणारा. पुढे लांबी वाढत वाढत काही मिनिटांवर गेली. कल्पना एका ओळीची आहे. प्रयोगशाळेतून निसटलेला नारिंगी रंगाचा एक लवचिक गोळा, हवा तो आकार घेणारा, आणि त्याच्या मागे लागलेले पांढऱ्या कोटातले दोन शास्त्रज्ञ, एक काटकुळा आणि एक चष्मेवाला. संवाद नाहीत, कुणी गोष्ट सांगणाराही नाही.

पहिल्यांदा हे लागलं तेव्हा खोलीत जे झालं ते मी बोलक्या कार्टूनच्या वेळी कधी पाहिलं नव्हतं. सगळी मुलं एकाच क्षणी हसली. एरवी ज्यांना थोडंफार ऐकू येतं, ज्यांची श्रवणयंत्रं चांगली चालतात, ती आधी हसतात. मग ती बाकीच्यांना खुणांनी सांगतात, तोवर पडद्यावर तिसरंच काही चालू असतं आणि उरलेली मुलं शिळं हसतात. लॅम्पुटच्या वेळी सांगणारा आणि ऐकणारा असा भेदच उरला नाही. स्वयंपाकघरातून डोकावलेल्या मावशीही त्याच जागी हसल्या.

हे कसं साधलं आहे त्याकडे मी शिक्षिकेच्या नजरेने बघितलं. पहिली गोष्ट म्हणजे रंग. लॅम्पुट काहीही झाला तरी नारिंगीच राहतो, त्यामुळे पाठलाग करणाऱ्या दोघांना जे उशिरा कळतं ते बघणाऱ्या मुलाला आधीच कळलेलं असतं. ‘मला माहीत आहे आणि त्यांना माहीत नाही’ हे सुख आमच्या मुलांच्या वाट्याला क्वचित येतं. घरी, एसटीत, दवाखान्यात, दुकानात नेहमी उलटंच असतं, सगळ्यांना कळलेलं असतं आणि हे पोर एकेकाच्या चेहऱ्याकडे बघत असतं. दुसरी गोष्ट, मागची चित्रं साधी आणि मोकळी ठेवली आहेत, म्हणून नजर भरकटत नाही. तिसरी गोष्ट म्हणजे दोन शास्त्रज्ञांचं अंग. त्यांचे खांदे पडतात, मान वळते, पाठीला पोक येतो, आणि त्यावरून ते थकलेत, चिडलेत की एकमेकांवर रुसलेत हे लगेच कळतं. खुणांच्या भाषेत चेहरा आणि अंग हा व्याकरणाचाच भाग असतो. हातांची खूण तीच ठेवून भुवया उंचावल्या की साध्या विधानाचा प्रश्न होतो. त्यामुळे आमची मुलं या दोघांना नुसतं बघत नाहीत, वाचतात. एका मुलीने मला दाखवलं की काटकुळा मनातून लॅम्पुटला पकडायला तयार नाही. मी तो भाग पुन्हा पाहिला तेव्हा त्याच्या पावलांत ते कचरणं खरोखर होतं.

मला सगळ्यांत आवडतो तो या कार्टूनचा स्वभाव. पाठलाग असला तरी क्रूरपणा नाही. दोघं शास्त्रज्ञ दुष्ट नाहीत, नोकरी करणारी साधी माणसं आहेत. लॅम्पुटही त्यांना चिडवतो तो खोड्याळ भावंडासारखा. एमी या टीव्ही कार्यक्रमांच्या पुरस्कारांच्या आंतरराष्ट्रीय बालविभागात या मालिकेला नामांकन मिळालं, त्याचा मला आनंद झाला. आनंद अशासाठी की आपल्याकडे हे जमतं, हे आता कुणाला पटवून द्यायची गरज नाही.

वर्गात मी याचा पुरेपूर उपयोग करते. एक छोटा भाग दाखवायचा, मग थांबवायचा. मुलांनी चार चौकटींत चार चित्रं काढायची आणि प्रत्येक चित्राखाली एक वाक्य लिहायचं. मराठीतले विभक्तीचे प्रत्यय आणि ‘वर’, ‘खाली’सारखे जोडून येणारे शब्द या मुलांना फार छळतात, कारण बोलताना ते शब्दाच्या टोकाला पुसट होतात आणि ओठांवर तर दिसतच नाहीत. ‘तो खुर्ची झाला’, ‘तो खुर्चीवर बसला’, ‘तो खुर्चीखाली लपला’ या तीन वाक्यांतला फरक पुस्तकातल्या स्थिर चित्राने शिकवायला मला आठवडे लागायचे. आकार बदलणारं एक पात्र समोर असलं की मुलं तो फरक स्वतः अंगाने करून दाखवतात आणि मगच लिहितात. ‘कारण’सुद्धा इथे सापडतं, कारण प्रत्येक पळण्यामागचं कारण डोळ्यांसमोर घडलेलं असतं.

उणिवा आहेत. काही भागांची गती फार आहे. सहा-सात वर्षांची मुलं दोनदा बघितल्याशिवाय शेवट पकडू शकत नाहीत. सलग पुष्कळ भाग बघितले तर पळापळीचा तोचतोचपणा जाणवतो, मोठ्या मुलांना तर लवकरच. मुख्य तिघांत एकही बाई नाही, आणि माझ्या वर्गातल्या मुली ते मला विचारतात. पार्श्वसंगीत फार नेमकं आहे असं ऐकू येणारी मंडळी सांगतात आणि मलाही ते आवडतं, पण एखाद्या ठिकाणी दाराबाहेरचा आवाज ऐकून पात्र दचकतं तेव्हा आमची मुलं गोंधळतात. तिथे दार हलताना किंवा सावली पडताना दाखवली असती तर काम झालं असतं. हे मोठे दोष नव्हेत, पण बिनसंवादाचं कार्टून करताना आवाजावर किती टेकायचं हा विचार करण्यासारखा मुद्दा आहे.

याच्या अगदी उलट गोष्ट झाली ती ‘ऑगी अँड द कॉक्रोचेस’ची. हे फ्रान्समधलं कार्टून मुळात बिनसंवादाचं. आपल्याकडे आणताना त्याला हिंदी बोलणं जोडलं. त्यातला बोका ऑगी शाहरुख खानच्या ढंगात बोलतो, दुसरा बोका जॅक सनी देओलच्या. लोकांना ते फार आवडलं आणि नकलाकाराची कला उत्तम आहे यात शंका नाही. पण आमच्या खोलीत याचा परिणाम असा झाला की ज्या मुलांना किंचित ऐकू येतं ती आवाजाकडे कान लावून बसली, शब्द धड कळेनात आणि चित्राकडेही लक्ष राहिना. मी आवाज पूर्ण बंद केला तेव्हा तीच मुलं पोट धरून हसू लागली. म्हणून बिनबोलाच्या कार्टूनला बोलकं करण्याआधी निर्मात्यांनी एकदा अशा खोलीत येऊन बसावं असं मला कळकळीने वाटतं.

दिव्यांग व्यक्तींच्या हक्कांचा 2016 चा कायदा सांगतो की कर्णबधिरांना टीव्हीवरचे कार्यक्रम खुणांच्या भाषेसह किंवा उपशीर्षकांसह मिळावेत. माहिती आणि प्रसारण मंत्रालयाने 2019 मध्ये त्यासाठी वाहिन्यांना निकषही घालून दिले. बातम्यांच्या कोपऱ्यात खुणा करणारी व्यक्ती आता अधूनमधून दिसते. आमच्या खोलीतल्या टीव्हीवर मुलांच्या कार्टूनखाली मराठी ओळी मात्र मी अजून पाहिलेल्या नाहीत. वाचायला नुकत्याच शिकलेल्या प्रत्येक मुलाला, ऐकू येणाऱ्यालासुद्धा, त्या ओळींचा फायदा होईल. आवडत्या भीमाच्या तोंडचं वाक्य खाली मराठीत उमटलं तर ते वाचायचा कंटाळा कुठलं मूल करेल?

घरी कर्णबधिर मूल असलेल्या आईबाबांसाठी थोडं सांगते. नवीन कार्टून निवडताना आवाज बंद करून पाच मिनिटं स्वतः बघा. तुम्हाला गोष्ट कळली तर मुलाला कळेल, तुम्ही कंटाळलात तर तेही कंटाळणार. लॅम्पुट सहा वर्षांपासून पुढे कुणालाही दाखवा, पण दोन-तीन भागांवर थांबा आणि त्यावर मुलाशी खुणांनी, चित्रांनी, जमेल तसं बोला. त्याहून लहान असेल तर ग्रीन गोल्डचंच ‘मायटी लिटल भीम’ बघा. ते 2019 मध्ये नेटफ्लिक्सवर आलं, त्यातला भीम अजून रांगता आहे आणि कुणीच बोलत नाही, गतीही लॅम्पुटपेक्षा सोसवेल अशी आहे. आणि भावंडांना बरोबर बसवा. ऐकू येणाऱ्या ताईदादाला नंतर समजावून सांगायचं काम नसलेला, सगळ्यांनी मिळून बघायचा कार्यक्रम घरात एखादा तरी हवा.