स्कोलिओसिस: नुसतं लक्ष ठेवायचं, ब्रेस लावायचा की ऑपरेशन?

पोरीचा मणका एक्स-रेत वाकडा दिसला की घरात पहिला दोष दप्तराला नाहीतर पोक काढून बसण्याला, पण त्याने स्कोलिओसिस, म्हणजे मणक्याला बाजूला येणारा बाक, होत नाही. साधारण ८० टक्के केसेसमध्ये नेमकं कारण सापडतच नाही. जन्मतःच मणका नीट न बनलेला असेल किंवा स्नायूंचा आजार असेल तर गणित वेगळं, खालचं त्यांना लागू करू नका.

रिपोर्टवर कॉब अँगल, म्हणजे बाक किती डिग्रीचा ते, असतो आणि सगळे तोच आकडा धरून बसतात, पण माझ्या मते पोरीची वाढ किती बाकी आहे हे तेवढंच महत्त्वाचं. कमरेच्या हाडाची वरची कड बघून रिसर ग्रेड देतात, ० म्हणजे भरपूर बाकी, ५ म्हणजे संपली. ३० डिग्री आणि रिसर ० असेल तर ब्रेसचं (धडाभोवती घालायचा कडक पट्टा) लगेच विचारा, तेच ३० आणि रिसर ५ असेल तर ब्रेस कशाला?

२५ च्या आत असेल तर सहसा दर चार-सहा महिन्यांनी तपासणी, बस. मधे दोन-तीन डिग्री वाढलेले दिसले तर घाबरू नका, मोजण्यातच तेवढा फरक पडतो.

२५ ते ४० आणि वाढ चालू, तर ब्रेस. तो मणका सरळ करत नाही, बाक वाढू नये म्हणून असतो, हे आधीच समजून घ्या नाहीतर निराशा होते. २०१३ च्या एका मोठ्या अभ्यासात वाढ संपेपर्यंत ५० डिग्रीच्या आत राहिलेले ब्रेसवाले ७२ टक्के, बिनब्रेसवाले ४८ टक्के, आणि रोज साधारण १३ तासांच्या वर घालणाऱ्यांत तर ९० च्या वर. म्हणजे कपाटात ठेवलेला ब्रेस काही कामाचा नाही, आणि ब्रेस न घालताही जवळजवळ निम्मे वाचले हेही खरंच. उकडतं, शाळेत लाज वाटते, त्यामुळे पोरीला विश्वासात घेतल्याशिवाय तास भरत नाहीत.

४५-५० च्या पुढे ऑपरेशन, कारण ५० वरचा बाक वाढ संपल्यावरही हळूहळू वाढू शकतो. स्क्रू-रॉड टाकून मणके एकमेकांना जोडतात, बाक बराच कमी होतो पण जोडलेल्या भागाची लवचिकता जाते, तो वाकवता येत नाही. इन्फेक्शन, क्वचित नसांना इजा, हे धोके आहेतच.

श्रॉथचे व्यायाम (स्कोलिओसिससाठीचे खास व्यायाम) ब्रेससोबत जरूर करा, पण मालिश करून मणका 'बसवून' देणाऱ्यांच्या नादी लागू नका.

खरी पंचाईत ४० ते ४५ ची. रिसर ४ असेल तर सहा महिने थांबून परत एक्स-रे काढायला हरकत नसते, ० असेल तर ब्रेस चालू ठेवूनच सर्जनला आत्ता भेटून ठेवा.