सात महिने मेंबर, त्यातले तीन महिने दाराबाहेर: यूट्यूब-डिस्कॉर्ड लिंकचा माझा अनुभव

परवा माझा डिस्कॉर्ड या गप्पांच्या अॅपवरचा मेंबरचा रोल, म्हणजे आत बसायची परवानगी, परत गायब झाला आणि पोटात गोळाच आला, कारण पहिल्या वेळेला तो मिळवायला मला जून ते सप्टेंबर लागले होते. या वेळचं कारण साधं निघालं, डेबिट कार्डाची मुदत संपलेली, पैसे कटले नाहीत, मेंबरशिप थांबली, मग रोल गेला. नवं कार्ड टाकलं आणि तासाभरात आला परत. पण त्या निमित्ताने आधीचं सगळं लिहून टाकतो, कारण आमच्या भजन मंडळातलेच आणखी दोघं तिथेच अडकले होते.

मी पेटी शिकतो. कुडाळात राहतो, मंडळात साथीला बसतो, पण कोमल स्वरांवर बोटं अजून अडखळतात म्हणून एका बुवांच्या यूट्यूब चॅनेलची महिना 59 रुपयांची मेंबरशिप घेतली. व्हिडिओ सगळ्यांना फुकटच दिसतात, मेंबर व्हायचं ते डिस्कॉर्डसाठी. दर रविवारी संध्याकाळी तिथे बुवा स्वतः व्हॉइस चॅनेलवर बसतात, एकेकाचं वाजवणं ऐकतात आणि चुका सांगतात. 59 रुपयांत असं कोण ऐकून घेतं? गणपतीच्या आधी दोन गजर बसवून घ्यायचे असं मी मनाशी ठरवलं होतं.

लिंक कशी करतात ते सगळ्यांना माहीत आहेच, डिस्कॉर्डच्या सेटिंगमध्ये कनेक्शन्स, तिथे यूट्यूबचं चिन्ह, गूगलचं पान उघडतं, परवानगी द्यायची, संपलं. माझ्याकडे हिरवी खूण आली, यूट्यूबच्या चौकटीत माझं नाव आलं. पण त्या चौकटीखाली बुवांचा सर्व्हर, म्हणजे डिस्कॉर्डवरची त्यांची जागा, आणि जॉइनचं बटण दिसायला हवं ते दिसेना. थांबलो. दुसऱ्या दिवशी पण नाही. काढून परत जोडलं, फोन बंद करून चालू केला, अॅप काढून परत टाकलं, काहीच फरक नाही.

चॅनेलच्या मदतनीसाला मेसेज केला. तो म्हणाला 24 तास थांबा. थांबलो. मग म्हणाला लॉग आउट करून लॉग इन करा. केलं. मग पैसे कटल्याचा स्क्रीनशॉट मागितला, तोही दिला, तर म्हणे पैसे आलेत पण तुमचं नाव मेंबरांच्या यादीत नाही. आता पैसे आलेत आणि नाव नाही हे कसं काय? इथे माझा पारा चढला. जून, जुलै, ऑगस्ट, 59 त्रिक 177 रुपये गेले आणि मी एकदाही आत बसलो नाही. रक्कम मोठी नाही हे मलाही कळतं, पण 177 रुपयांत पेटीवाल्याकडे दोन सूर नीट लावून झाले असते. गणपती आले आणि गेले, मी जुनेच गजर वाजवले. तेव्हा हा रिव्ह्यू लिहिला असता तर एकच ओळ लिहिली असती, घेऊ नका.

उलगडा केला तो माझ्या भाच्याने. तो पुण्याहून गणपतीला आलेला, विसर्जनानंतर बुवांचा लाईव्ह बघत बसलो होतो, मी चॅटमध्ये नमस्कार टाकला, तर म्हणाला, "मामा, हे नाव कुणाचं? मेंबरचा बॅज या नावापुढे आहे, पण हे तुझं नाव नाही." नीट बघितलं तर खरंच, बॅज, म्हणजे मेंबरच्या नावापुढे येणारी छोटी खूण, होता तो माझ्या जुन्या टोपणनावापुढे.

हे टोपणनाव आलं कुठून ते सांगतो, कारण सगळी गोम तिथेच आहे. 2013 च्या नोव्हेंबरात यूट्यूबच्या कमेंट गूगल प्लसला, म्हणजे गूगलच्या तेव्हाच्या सोशल नेटवर्कला, जोडल्या गेल्या. खरं नाव दाखवायचं नव्हतं त्यांनी तेव्हा टोपणनाव ठेवलं आणि त्यासाठी एक वेगळं पान तयार झालं. मीही तेच केलं आणि विसरून गेलो. गूगल प्लस 2019 च्या एप्रिलमध्ये बंद झालं, पण ती पानं ब्रँड अकाउंट म्हणून राहिली. म्हणजे माझ्या एकाच जीमेलखाली दोन चॅनेल होते, एक खऱ्या नावाचा, एक टोपणनावाचा. टीव्हीवर आणि फोनवर यूट्यूब टोपणनावाने चालू होतं, तिथूनच मी मेंबरशिपचं जॉइन दाबलं. आणि डिस्कॉर्ड जोडताना गूगलने दोन नावं समोर ठेवली, मी घाईत वरचं खरं नाव दाबलं. मेंबर एक आणि जोडलेला दुसराच. मदतनीस खोटं बोलत नव्हता, खऱ्या नावाने यादीत मी नव्हतोच. त्याला मी फार कडक बोललो होतो, त्या रात्रीच माफी मागितली.

म्हणून लिंक करण्याच्या, अॅप काढण्याच्या, कुणाशी भांडण्याच्या आधी एवढं बघा की बॅज कुठल्या नावापुढे आहे. यूट्यूबमध्ये परचेसेस अँड मेंबरशिप्स उघडा, तिथे मेंबरशिप दिसली नाही तर स्विच अकाउंटमधून दुसऱ्या चॅनेलवर जा आणि तेच पान परत उघडा. जिथे दिसेल तोच चॅनेल डिस्कॉर्डला जोडायचा. दुसऱ्या नावाने नवी मेंबरशिप मुळीच घेऊ नका, जुनी तिकडे हलवता येत नाही, दोन्हीकडून पैसे कटत राहतात. मी ते करायच्या बेतात होतो, भाच्याने हात धरला.

आम्ही ते असं केलं. डिस्कॉर्डमधून यूट्यूब काढलं. मग गूगल खात्यात जिथे बाहेरच्या अॅपना दिलेल्या परवानग्या दिसतात तिथून डिस्कॉर्डची परवानगीही काढली, म्हणजे सगळं नव्याने विचारलं जातं. फोन बाजूला ठेवला, कॉम्प्युटरवर इन्कॉग्निटो, म्हणजे आधीचं कुठलंच लॉगिन नसलेली, विंडो उघडली, त्यात फक्त तोच एक जीमेल, दुसरा कुठलाच नाही, ब्राउझरमध्येच डिस्कॉर्ड, पॉपअप अडवणारं एक्स्टेंशन बंद. नावं आली तेव्हा टोपणनाव निवडलं. चौकटीखाली सर्व्हर आला, जॉइन दाबलं, चहा होईपर्यंत रोल लागला. टोपणनाव प्रोफाइलवर नको होतं म्हणून ते दाखवण्याचं बटण बंद ठेवलं, तरी रोल राहिला.

मंडळातल्या त्या दोघांचं वेगळं होतं. पखवाजवाल्याच्या जीमेलला यूट्यूब चॅनेलच नव्हता, नुसतं बघायचा, त्यामुळे जोडायला काही नव्हतंच. चॅनेल तयार केला, एकही व्हिडिओ टाकला नाही, लगेच जोडला गेला. दुसऱ्याने ऑफिसचा ईमेल वापरला होता, तिथल्या अॅडमिनने बाहेरच्या अॅपना कुलूप लावलं असेल तर आपण काही करू शकत नाही, घरचा जीमेल घ्यावा लागतो.

आत गेल्यावर पहिल्या रविवारी आणखी एक धक्का बसला. मी काळी एक ही पट्टी धरून वाजवायला लागलो आणि बुवा म्हणाले, "अहो, तुमचा श्वास ऐकू येतोय, पेटी कुठाय?" दोन सेकंद सूर यायचा आणि विरून जायचा. मला वाटलं पेटीचा भाता फुटला. कारण होतं डिस्कॉर्डचं नॉइज सप्रेशन. ते माणसाचं बोलणं ठेवतं आणि सलग चालणारा आवाज गोंगाट समजून काढून टाकतं, पंख्यासाठी उत्तम, पण पेटीचा लांब धरलेला सूर त्याला पंख्यासारखाच वाटतो. डिस्कॉर्डच्या सेटिंगमधल्या व्हॉइस अँड व्हिडिओमध्ये जाऊन नॉइज सप्रेशन बंद, इको कॅन्सलेशन बंद, आवाज आपोआप कमी-जास्त करणारं ऑटोमॅटिक गेन कंट्रोल बंद, आणि इनपुट सेन्सिटिव्हिटी ऑटोवरून काढून खाली आणली, नाहीतर हळू वाजवलेलं कापलं जातं. इको बंद केल्यावर हेडफोन हवाच, नाहीतर बुवांचाच आवाज बुवांना परत जातो. हे केल्यावर पेटी इतकी स्वच्छ गेली की बुवांनी माझ्या तिसऱ्या बोटाची चूक आवाजावरून पकडली, कॅमेरा चालूसुद्धा नव्हता. त्या दिवशी माझा 177 रुपयांचा राग गेला.

रेकॉर्डिंग पाठवायला मात्र डिस्कॉर्डच्या फुकट खात्यात एका फाइलला 10 एमबीची मर्यादा आहे, म्हणून फक्त ऑडिओ पाठवतो, व्हिडिओ नाही.

आता मेंबरशिप चालू ठेवलीय. नवं कार्ड टाकताना आधी वरच्या कोपऱ्यातलं नाव वाचलं, टोपणनावच होतं, मगच पैसे भरले. या रविवारी भैरवीतला गजर ऐकवायचा आहे, पेटी भात्याच्या दुरुस्तीला सावंतवाडीत टाकलीय, शनिवारी संध्याकाळपर्यंत देतो म्हणालेत.