जुन्या झेनचा स्टीअरिंग रॅक बदलला, उद्यमबागेतल्या पाटी नसलेल्या गॅरेजचा अनुभव

आमची झेन २००४ ची, बाबांनी नवी घेतलेली, केए २२ (बेळगाव) पासिंग. १ लाख ३८ हजार किलोमीटर झालेत. २०१९ ला पंधरा वर्षं भरल्यावर आरसी रिन्यू केली, २०२४ ला परत केली, म्हणजे ती विकायची नाही हे घरात ठरलेलंच आहे. त्यामुळे तिच्या स्टीअरिंगमधून आवाज यायला लागला तेव्हा "आता काढून टाका की" असं सांगणारे खूप भेटले आणि नीट बघून सांगणारा एकच भेटला. त्याच्याबद्दल हे लिहितोय.

आवाज सुरू झाला गेल्या पावसाळ्यानंतर. टिळकवाडीत दुसऱ्या रेल्वे गेटावर रूळ ओलांडताना पुढून डाव्या बाजूने खट् खट् खट् असा कोरडा आवाज, आणि तो नुसता कानाला नाही, हाताला पण लागायचा, स्टीअरिंगमधून तळव्याला. या मॉडेलला पॉवर स्टीअरिंग नाही त्यामुळे चाकाला काय होतंय ते सगळं सरळ हातात येतं. आधी रुळावरच यायचा, मग सासुरवाडीला चंदगडकडे जाताना हिंडलगा-सुळगा सोडलं की बाचीपर्यंत सारखाच चालू. ऊसाच्या सीझनमध्ये दोन-दोन ट्रॉल्या लावलेले ट्रॅक्टर त्या रोडवरून जातात आणि कडेला डांबर कसं उकरलं जातं ते इथल्या लोकांना सांगायला नको. दुसरी गोष्ट म्हणजे हायवेला काकतीच्या पुढे ८० च्या वर गेलं की गाडी सरळ ठेवायला सारखं थोडं डावं थोडं उजवं करावं लागायचं, मध्ये एक मोकळी जागा असल्यासारखी, हात फिरतोय पण गाडी ऐकत नाही. खटखटीपेक्षा मला त्याचीच जास्त भीती वाटली, कारण मागच्या सीटवर आई आणि दोन्ही पोरं असतात.

पहिल्यांदा एका मोठ्या वर्कशॉपमध्ये नेली. गाडी आत गेली, मी बाहेर एसीत बसलो, तासाभराने सांगितलं शॉकअप गेलेत. दोन्ही शॉकअप आणि वरचे माउंट बदलले, साडेनऊ हजार झाले, बाहेर पडलो आणि पहिल्याच स्पीडब्रेकरला तोच आवाज. परत नेली तर म्हणाले लोअर आर्मचे बुश. ते पण बदलले. आवाज होता तिथेच. तिसऱ्यांदा गेलो तेव्हा उत्तर मिळालं, "जुनी गाडी आहे सर, एवढं असणारच." हे ऐकून मला खरंच वाईट वाटलं. जुनी आहे म्हणून आवाज येत नाही, काहीतरी झिजलंय म्हणून येतो, आणि ते काय ते शोधणं हेच तर त्यांचं काम. त्या तीन फेऱ्यांत एकानेही माझ्यासमोर चाक हातात धरून हलवून बघितलं नव्हतं.

मग ऑफिसातल्या एकाने हे गॅरेज सांगितलं. तिसऱ्या गेटाकडून उद्यमबागेत शिरायचं, आतल्या गल्लीत एका फाउंड्रीच्या भिंतीला लागून पत्र्याचं शेड आहे. पाटी नाही. मालकांना सगळे मामा म्हणतात, साठीच्या आसपास असतील. नाव टाकतो म्हटलं तर "नको वो, दोनच माणसं आहोत, गर्दी झाली तर काम बिघडतंय" म्हणाले, म्हणून टाकत नाही. हाताखाली एक पोरगा आहे, त्याच्याशी कन्नड, माझ्याशी मराठी, पार्टवाल्याशी फोनवर हिंदी, बेळगावात असतं तसंच.

मामांनी आधी विचारलं आवाज कधी येतोय, कुठल्या बाजूने, ब्रेक मारल्यावर येतोय काय, स्टीअरिंग पूर्ण कापल्यावर येतोय काय, उभ्या गाडीत येतोय काय. मग शेजारी बसून गल्लीत एक चक्कर. आल्यावर गाडी खड्ड्यावर घेतली, मला स्टीअरिंगवर बसवलं आणि स्वतः खाली उतरले. "चाकं जमिनीवरच राहू देत, स्टीअरिंग नुसतं दोन बोटं डावं-उजवं करत राहा, जोरात नको." मी करत राहिलो आणि ते खालून एकेका जॉइंटवर हात ठेवत गेले, टाय रॉड एंड (चाकाला ढकलणाऱ्या दांडीचं टोक), मग स्टीअरिंग कॉलमच्या खालचा जॉइंट, मग रॅक, म्हणजे चाकं डावी-उजवी वळवणारी नळीतली दांडी. पोरगा वर आणि मला खाली बोलावलं. "इथं हात लावा." रॅकच्या डाव्या टोकाला हात लावला आणि वरून स्टीअरिंग हललं की आतली दांडी नळीच्या आत टक् टक् आपटतेय हे सरळ बोटाला लागलं. तीन महिने जो आवाज मी शोधत होतो तो माझ्या हाताखाली होता.

तरी मामांनी तेवढ्यावर निकाल दिला नाही आणि मला हेच सगळ्यात आवडलं. जॅक लावून पुढची दोन्ही चाकं उचलली, खाली स्टँड ठेवले. चाक वर-खाली धरून हलवलं, काही नाही, म्हणजे बेअरिंग आणि लोअर बॉल जॉइंट ठीक. मग तेच चाक आडवं धरून, घड्याळात तीन आणि नऊ वाजतात तिथे, आत-बाहेर हलवलं तर कटकट लागली, म्हणजे दोष स्टीअरिंगच्या बाजूला. आता तो बाहेरच्या टाय रॉड एंडचा, आतल्या रॅक एंडचा की खुद्द रॅकचा? पोराने स्टीअरिंग घट्ट धरलं, मामा रॅकच्या टोकाचा रबरी बूट (धूळ-पाणी अडवणारं आवरण) चिमटीत दाबून आतला जॉइंट चाचपतायत आणि वर पोराला "हिडी, हिडी" (धर, धर) चाललंय, मग "साकु" (पुरे). बाहेरच्या एंडला थोडा प्ले, म्हणजे मोकळी हालचाल, होता, आतला जॉइंट बरा होता, सगळ्यात जास्त रॅकलाच.

शेवटची टेस्ट मला आयुष्यात कुणी सांगितली नव्हती. स्टीअरिंग सरळ ठेवून प्ले बघितला, रिमवर चांगला दोन इंच मोकळा फिरत होता. अशा गाडीत रिमवर साधारण ३० मिलिमीटरपर्यंत चालतं असं धरतात. मग पूर्ण एका बाजूला कापून थोडं मागे घेऊन बघितला तर प्ले जवळजवळ गायब. मामा म्हणाले, "गाडी जन्मभर सरळच जातेय की, मग मधलेच दात झिजणार. टोकाचे दात अजून कोरे आहेत." पिनियन म्हणजे कॉलमच्या खालचा छोटा दातेरी गियर, आणि तो ज्या दातेरी दांडीला सरकवतो तो रॅक. वीस वर्षं पिनियन मधल्या त्याच चार-पाच दातांवर मागे-पुढे घासत राहिलाय.

मी विचारलं नुसतं टाइट करून होणार नाही काय, कारण कुणीतरी सांगितलेलं की रॅकला एक अॅडजस्टिंग स्क्रू असतो, तो आवळला की प्ले जातो. असतो तो, स्प्रिंगवाला गुटका रॅकला मागून पिनियनवर दाबून धरतो, त्याचाच. पण मधले दात झिजल्यावर मधल्या मापाने आवळला तर टोकाला कोऱ्या दातांवर स्टीअरिंग जाम होतं, वळणात कापल्यावर परत सरळ येत नाही, आणि घाटात ते फार वाईट. बरेच जण पाव फेरी आवळून गाडी देऊन टाकतात, गिऱ्हाईक खूश होतं, आवाज महिनाभर दबतो. मामांनी ते केलं नाही, स्क्रूला हातच लावला नाही.

मग डाव्या बाजूचा नुसता बुश? आपल्याकडे ड्रायव्हर उजवीकडे म्हणून पिनियन उजव्या बाजूला, आणि रॅकचं डावं टोक नळीच्या आत एका बुशवर टेकलेलं असतं. आवाज तिथलाच होता. बुश स्वस्त असतो आणि काही वेळा तेवढ्याने काम होतं, हे मामांनी स्वतःहून सांगितलं. पण डावा बूट खालून चिरलेला होता, काढल्यावर आतून तांबड्या मातीचा चिखल आणि गंजाचं पाणी निघालं, आणि दांडीवर जिथे आरशासारखं गुळगुळीत पाहिजे तिथे खड्डे पडलेले. अशा दांडीवर नवा बुश घातला तर ती त्याला कानशीसारखी खाणार. नखाने खरवडून बघा म्हणाले, बघितलं, नख अडकत होतं. तिथे माझं समाधान झालं की अख्खा रॅकच बदलायला पाहिजे. आणि खरं दुखलं ते हे की दोनशे-तीनशे रुपयांचा तो बूट दोन वर्षांपूर्वी कुणी बघितला असता तर कदाचित रॅक वाचला असता. तुमची गाडी कुठल्याही कंपनीची असू दे, सर्व्हिसिंगला वर चढवली की ते दोन रबरी बूट स्वतः वाकून बघा, प्लीज.

पार्टची गोष्ट थोडक्यात. झेन बंद झाली २००६ ला, त्यामुळे बेळगावात लगेच मिळाला नाही. एका दुकानात रिपेअर केलेला जुना रॅक दाखवला, वरून काळा रंग मारलेला, मामांनी दांडी टोकापर्यंत सरकवून बघितली आणि परत दिला. शेवटी कोल्हापूरहून नवीन मिळाला, बसने पार्सल आलं, सेंट्रल बसस्टँडवरून मीच आणला. आमच्या जुन्या रॅकवर सोना कोयोचं नाव होतं, त्याच कंपनीचं नाव २०१८ पासून जेटेक्ट इंडिया झालंय, हे माहीत नसलं तर दुकानात गोंधळ होतो. रॅक ५,२०० (रॅक एंड आणि बूट त्यातच), बाहेरचे दोन टाय रॉड एंड ९००, मजुरी १,५००. अलाइनमेंट दुसरीकडे, ४००. सगळं मिळून ८,०००, म्हणजे आधी उगीच बदललेल्या सामानापेक्षा कमी.

बसवताना मी सुट्टी काढून तिथेच थांबलो. टाय रॉड एंड काढायला हातोडी मारली नाही, पुलर लावला. कॉलमचा जॉइंट आणि पिनियनचा शाफ्ट यावर आधी पांढऱ्या रंगाची एक रेघ मारली. जुन्या टाय रॉडवर नटाच्या बाहेर किती आटे दिसतात ते मोजून पत्र्यावर खडूने लिहिलं. नवा रॅक घालायच्या आधी हातात धरून एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत फेऱ्या मोजल्या, मग निम्म्या फेऱ्या मागे येऊन बरोबर मधे आणला आणि मगच जोडला, नाहीतर गाडी सरळ जाते आणि स्टीअरिंग वाकडं राहतं, किंवा एका बाजूला जास्त कापते आणि दुसऱ्या बाजूला कमी. एअरबॅगवाल्या नवीन गाड्यांत रॅक सुटा असताना स्टीअरिंग मोकळं फिरू दिलं तर आतली क्लॉक स्प्रिंग (एअरबॅगची गुंडाळलेली वायर) तुटते, म्हणून तिथे ते बांधून ठेवावं लागतं, हे पोराला समजावून सांगत होते. कॅसल नटला स्प्लिट पिना नव्या घातल्या, जुन्या सरळ करून परत घातल्या नाहीत. ही एवढीशी पिन, पण टाय रॉडचा नट तिच्यावरच थांबलेला असतो.

अलाइनमेंट केल्याशिवाय हायवेला जायचं नाही असं दोनदा बजावलं, कारण आटे मोजून बसवलं तरी टो (चाकं आत-बाहेर किती वळलेली आहेत ते) अंदाजेच असतो. लगेच करून घेतलं. जुना प्ले आणि चुकलेला टो यामुळे पुढचा डावा टायर आतून खाल्लेला निघाला, तो मागे टाकला आणि मागचा पुढे घेतला.

आता न आवडलेलं पण लिहितो. सांगितलं होतं दोन दिवस, लागले चार, त्यातला एक दिवस तर पार्सल येऊन शेडमध्ये पडून होतं. फोन उचलत नाहीत, काम चालू असताना तर अजिबात नाही. पक्कं बिल नाही, वहीच्या कागदावर हिशोब, पार्टचं बिल मात्र दुकानाचं दिलं. बसायला एक स्टूल, बाजूच्या फाउंड्रीची धूळ सारखी अंगावर. कंपनीचं बिल लागणारं असेल किंवा क्लेम असेल तर इथे जाऊ नका. आणि नवीन गाडीचं कॉम्प्युटरवालं इलेक्ट्रिक स्टीअरिंग असेल तर मामा स्वतःच सांगतात की ते माझ्याकडे नको. मी पाचपैकी साडेचार देतो, अर्धा मार्क फक्त त्या चार दिवसांचा.

काम होऊन आता अडीच महिने झाले. दोनदा चंदगड, एकदा जांबोटीवरून कणकुंबी, तिथून चोर्ला उतरून साखळी आणि परत. त्या रोडचे खड्डे आहेत तसेच आहेत, पण आता खड्डा लागला की फक्त टायरचा धप्प असा आवाज येतो, हाताला काही नाही. हायवेला मधली ती मोकळी जागा गेली, बोटभर हललं की गाडी तेवढीच हलते. महिनाभराने मामांनी बोलावलेलं तसं नेली, त्यांनी बूटच्या क्लिपा आणि चेक नट परत बघितले, पैसे घेतले नाहीत. परवा दुसऱ्या गेटावर रूळ ओलांडले तेव्हा आई मागून म्हणाली, "आवाज बंद केलास काय रे?"

जाणार असाल तर सकाळी साडेनऊच्या आत जा, त्यानंतर शेडमध्ये जागा नसते. आणि गाडी टाकून जाऊ नका, थांबा, मामा तुम्हाला खाली बोलावून हात लावायला सांगतात.