जर्मनी: जास्त दुखणं कुणाचं, रसायनांचं की मोटारींचं?

ऱ्हाइनकाठी लुडविग्सहाफेनला बीएएसएफ या रसायन कंपनीचा अवाढव्य कारखाना आहे. तिथे नैसर्गिक वायू इंधन म्हणून जळतो आणि अमोनियाचा कच्चा मालही तोच. २०२२ मध्ये रशियाचा स्वस्त वायू आटला. पुढच्याच वर्षी अमोनियाचा एक प्लांट बंद करायचं ठरलं.

मोटारींचं तसं नाही. फोक्सवॅगनला वीज महाग पडतेच, पण खरा फटका गिऱ्हाइकाने दिला. चीनमध्ये २०२३ साली बीवायडी या चिनी मोटार कंपनीने तिचा विक्रीतला पहिला नंबर हिसकावला. कामगार संघटनेशी झालेल्या डिसेंबर २०२४ च्या करारानुसार २०३० पर्यंत फोक्सवॅगनच्या जर्मनीत ३५ हजारांहून अधिक नोकऱ्या कमी होणार.

तरी मला काळजी रसायनांचीच जास्त वाटते. गाडीचं नवं मॉडेल काढता येतं. मोडीत काढलेला अमोनिया प्लांट पुन्हा कोण उभारणार? खत आणि नायलॉन त्याच अमोनियातून निघतं.