ऑटोकॅड २००२ साठी व्हर्च्युअलबॉक्स : दोन वर्षांच्या वापरानंतर

भोसरीतल्या आमच्या फॅब्रिकेशन शेडमध्ये डक्ट आणि हॉपर यांचे पत्र्यावरचे डेव्हलपमेंट, म्हणजे पत्रा कापण्यासाठीचा उलगडलेला सपाट आराखडा, आजही ऑटोकॅड २००२ या ड्रॉइंगच्या जुन्या सॉफ्टवेअरमध्येच निघते. यात जुन्याचा हट्ट नाही. जुनी ड्रॉइंग नव्या ऑटोकॅडमध्ये विनातक्रार उघडतात. अडते ते डेव्हलपमेंट काढणाऱ्या एका छोट्या एआरएक्स प्रोग्रॅमपाशी (ऑटोकॅडच्या आत चालणारा जोडप्रोग्रॅम), कारण तो २००० ते २००२ या आवृत्त्यांसाठी कंपाइल केलेला आहे, पुढच्या आवृत्त्यांत लोड होत नाही आणि त्याचा मूळ कोड आता कोणाकडेच नाही.

पूर्वी हे काम विंडोज एक्सपीच्या जुन्या संगणकावर चाले. तो ऑफिसच्या नेटवर्कला जोडलेला होता आणि एके दिवशी कोणाच्या तरी पेन ड्राइव्हमधून आलेल्या व्हायरसने शेअर केलेल्या ड्राइव्हवरच्या सगळ्या फोल्डरांचे शॉर्टकट करून टाकले. एक्सपीचा सपोर्ट, म्हणजे सुरक्षेचे अपडेट, ८ एप्रिल २०१४ रोजीच संपलेला असल्यामुळे चूक आमचीच होती. नव्या विंडोजच्या कम्पॅटिबिलिटी मोडवर (जुन्या विंडोजसारखे वागण्याची सोय) काही जुने प्रोग्रॅम चालतातही, परंतु ६४-बिट विंडोजवर १६-बिट सेटअप सुरूच होत नाही आणि मुख्य म्हणजे जुना प्रोग्रॅम आपल्या रोजच्या फायलींच्या शेजारीच नांदत राहतो.

व्हर्च्युअलबॉक्स हे संगणकाच्या आत दुसरा, वेगळा संगणक चालवणारे सॉफ्टवेअर; त्याचे खरे मोल या ठिकाणी कळते. आमच्या नव्या संगणकावर एक्सपी आता त्याच्या आत चालते. एक्सपीला आम्ही ५१२ एमबी मेमरी दिली आणि व्हर्च्युअल डिस्क साटाऐवजी आयडीई या डिस्क जोडण्याच्या जुन्या पद्धतीच्या कंट्रोलरला जोडली, कारण एक्सपीच्या मूळ सीडीत नव्या पद्धतीचा, म्हणजे साटा एएचसीआयचा, ड्रायव्हर नसतो. नेटवर्कच्या सेटिंगमध्ये ‘नॉट अटॅच्ड’ निवडले की आतल्या एक्सपीला इंटरनेट नाही आणि ऑफिसचे नेटवर्कही नाही. फायलींची ने-आण करण्यासाठी ‘देवघेव’ नावाचे एकच शेअर्ड फोल्डर ठेवले आहे. संपूर्ण डी ड्राइव्ह शेअर करण्याचा मोह अनेकांना होतो. तसे केले तर भिंत बांधून दार सताड उघडे ठेवल्यासारखेच होईल. सगळे नीट बसल्यावर स्नॅपशॉट, म्हणजे त्या क्षणीच्या स्थितीची नोंद, घेतला, त्यामुळे आत काही बिघडलेच तर काही मिनिटांत पूर्वस्थितीला येता येते. मात्र स्नॅपशॉट म्हणजे बॅकअप नव्हे, कारण तो त्याच डिस्कवर असतो. म्हणून मशीनचे संपूर्ण फोल्डर महिन्यातून एकदा बाहेरच्या डिस्कवर उतरवतो.

मर्यादाही आहेत. विंडोजचे हायपर-व्ही (विंडोजची स्वतःची अशीच सोय) चालू असेल तर व्हर्च्युअलबॉक्सच्या खिडकीच्या तळाशी हिरवे कासव दिसते आणि वेगही बहुधा त्या चित्राला साजेसाच असतो. साध्या द्विमिती ड्रॉइंगला तेवढे पुरते, जड त्रिमिती कामासाठी मी हे सुचवणार नाही. सॉफ्टवेअरच्या परवान्याची किल्ली असलेले डोंगल यूएसबीचे असेल तर ते व्हर्च्युअलबॉक्सच्या सेटिंगमध्ये फिल्टर लावून आत देता येते. पॅरलल पोर्टचे डोंगल असेल तर हल्लीच्या संगणकाला मुळात तो पोर्टच नसतो. नव्या ऑटोकॅडमधून आलेली फाइल आत नेण्याआधी २००० फॉरमॅटमध्ये सेव्ह करावी लागते. फाइल नोटपॅडमध्ये उघडून पहिली सहा अक्षरे ‘एसी१०१५’ (AC1015, २००० फॉरमॅटची खूण) आहेत का, हे आमचा ड्राफ्ट्समन सवयीने पाहून घेतो.

ओरॅकल कंपनीच्या व्हर्च्युअलबॉक्सचे मूळ पॅकेज व्यावसायिक वापरासाठीही मोफत आहे. जादा सोयींचा एक्स्टेन्शन पॅक मात्र वैयक्तिक वापर, शिक्षण आणि चाचणी एवढ्यापुरताच मोफत असल्यामुळे कारखान्याने त्याच्या अटी न वाचता तो टाकू नये; आम्हाला त्याची गरज आजवर पडलेली नाही. एक्सपी आणि ऑटोकॅड यांचे परवाने आपले आपल्यालाच सांभाळावे लागतात.