टर्बो गेला म्हणाले, गेली होती वीतभर नळी : नऊ महिन्यांनंतरचा अनुभव

गाडीचं नाव लिहीत नाही. २०१६ची, १.३ लिटर डिझेल, ९० हॉर्सपॉवर, व्हेरिएबल टर्बो एवढं म्हटलं की ज्यांच्या दारात ती उभी आहे त्यांना कळलं. मायलेज, एसी, डिकी यांवर लोकांनी भरपूर लिहून ठेवलंय. मी फक्त टर्बोवर, म्हणजे इंजिनात हवा दाबून भरणाऱ्या पंख्यावर लिहितोय, आणि त्यातही जास्त करून एका रबरी नळीवर. ती नळी अजून माझ्या ग्लोव्ह बॉक्समध्ये आहे, प्लास्टिकच्या पिशवीत. बायको म्हणते फेकून द्या. देणार नाही.

डिसेंबरातली गोष्ट. कोल्हापूरला अंबाबाईचं दर्शन घेऊन बेळगावला परत येत होतो. गाडीत आई, बायको, मुलगी, डिकीत गुळाच्या दोन ढेपा. निपाणी मागं टाकली, तवंदी घाट लागला. पुढं उसाचा ट्रॅक्टर, त्याला दोन ट्रेलर. ओव्हरटेक करायला तिसरा गिअर टाकून पाय दाबला तर गाडीनं नुसता आवाज केला. ओढ शून्य. चेक इंजिनचा पिवळा दिवा लागला. मागून लॉरीवाला हॉर्नवर हात ठेवून बसलेला. आई म्हणाली, "ह्यापेक्षा तो ट्रॅक्टर बरा चाललाय रे."

कशीबशी स्तवनिधीपर्यंत आणली, बाजूला घेऊन बंद केली. पाच मिनिटांनी परत चालू केली तर काही झालंच नाही अशी पळायला लागली. दिवा मात्र तसाच. हत्तरगीचा टोल भरला, पुढं वंटमुरीच्या घाटात पुन्हा तेच. पुन्हा बंद, पुन्हा चालू, पुन्हा बरी. तेव्हा डोक्यात आलं नाही, पण निम्मं निदान इथंच झालेलं होतं. मोडलेला टर्बो किल्ली फिरवून बरा होत नाही. गाडीचा कंप्युटर घाबरून ताकद तोडत होता आणि किल्ली बंद केली की मागचं माफ करत होता.

दुसऱ्या दिवशी सर्व्हिस सेंटर. "स्वल्प वेट माडरी सर," म्हणून बसवलं ते दोन तास. मग टॅब घेऊन एक पोरगा आला.

"सर, टर्बो फेल आहे. पी ०२९९ कोड आलाय. असेंब्ली चेंज करायला लागतंय."

"उघडून बघितलात?"

"स्कॅनरमध्ये आलंय की सर."

एस्टिमेट ७४,००० रुपये, लेबर वेगळं. काम तिथंच केलं तर स्कॅनिंग फुकट, नाहीतर १,२०० भरा. मी पतसंस्थेत तेवीस वर्षं लोकांची कर्जप्रकरणं तपासतोय. १,२०० रुपयांसाठी चाळीस मिनिटं भांडलो, शेवटी भरले, पण त्या कोडचा प्रिंट मागून घेतला. घरी येऊन वाचत बसलो. पी ०२९९ म्हणजे कंप्युटरनं जेवढा हवेचा दाब मागितला तेवढा आला नाही. बस्स. का आला नाही, ते त्यात नसतं. टर्बो खराब असेल, दाबलेली हवा थंड करणाऱ्या इंटरकूलरचा होज फाटला असेल, क्लिप ढिली असेल, सेन्सर खोटं बोलत असेल. आमच्याकडं एखाद्याचा हप्ता आला नाही म्हणजे खातेदार वारला असं आम्ही धरत नाही, आधी फोन करतो.

ओळखीतल्या एकानं उद्यमबागेतल्या एका मिस्त्रींकडं पाठवलं. साठीचे, हातात स्कॅनर नाही. त्यांनी पहिलं काय केलं, तर मला हाकलून दिलं. "गाडी थंड हाय ओ. थंड गाडीत काय दिसतंय? मच्छेपर्यंत जाऊन या, तापवून आणा." सर्व्हिस सेंटरमध्ये माझी गाडी दोन तास उभी होती आणि तशीच थंड असताना स्कॅन केली होती, हे मला तिथं मच्छेच्या रस्त्यावर सुचलं.

परत आलो. इंजिन चालू ठेवून त्यांनी बॅटरीचा टॉर्च टर्बोच्या मागं धरला आणि मला वाकून बघायला लावलं. ह्या टर्बोच्या आत, धुरावर फिरणाऱ्या चाकाभोवती पातळ पात्यांचं एक कडं असतं. पाती मिटली की फट बारीक होऊन धुराचा झोत जोरात चाकावर बसतो आणि कमी आरपीएमलाही दाब तयार होतो. उघडली की झोत सैल पडतो. ती पाती हलवणारी एक दांडी बाहेर असते आणि दांडीच्या टोकाला पत्र्याची डबी. डबीतली हवा व्हॅक्यूम पंप एका नळीतून ओढून घेतो, तशी दांडी सरकते. इंजिन चालू झालं की दांडी पूर्ण ओढली जायला पाहिजे. माझी निम्म्यावर येऊन थरथरत होती.

मग त्यांनी हातपंप काढला, वर घड्याळाचा काटा असलेला, आणि नळी काढून सरळ डबीलाच लावला. दोनदा दाबला. दांडी टोकापर्यंत गेली आणि तिथंच थांबली. काटा हलला नाही. "डबी बरी, दांडी बरी. टर्बो बरा हाय हो, खरं व्हॅक्यूमच येईना." (आमच्याकडं 'खरं' म्हणजे 'पण', बाहेरच्यांनी गोंधळू नये.) मग नळीवरून बोट फिरवत मागं गेले. व्हॅक्यूम कमीजास्त करणाऱ्या व्हॉल्व्हच्या जवळ, जिथं नळी वळते, तिथं रबर तापून कडक झालेलं. त्यांनी वाकवून दाखवलं. वाकवल्यावर उभी चीर उघडली, सोडल्यावर मिटली. थंड असताना मिटलेली, तापल्यावर उघडी. व्हॅक्यूम गळत होतं, पाती उघडीच राहत होती, दाब तयार होत नव्हता.

नळी १५० रुपये, मजुरी ६००.

जाता जाता त्यांनी टर्बोच्या तोंडाचा पाइप काढून आतलं चाकही बोटानं हलवून दाखवलं. वरखाली किंचित हलतं, ते चालतं, कारण शाफ्ट बेअरिंगमध्ये तेलाच्या थरावर तरंगत असतो. आतबाहेर हलायला नको, आणि चाकाचं पातं भोवतालच्या कवचाला घासलेलं दिसायला नको. माझं दोन्ही नव्हतं. पाइपमध्ये तेलाचा पातळ थर हाताला लागला म्हणून मी घाबरलो, तर म्हणाले एवढं असतंय, निथळायला लागलं तर या.

आता त्या नळीबद्दल. लाखो रुपयांच्या गाडीत, इतक्या गरम जागेत, वळणावर, तापून कडक होणारं रबर? बाकी सगळीकडं जाड होज आणि ही एक सायकलच्या व्हॉल्व्ह ट्यूबसारखी. आणि सर्व्हिसच्या यादीत ती बघायचा रकानाच नाही. वायपरचं रबर बघतात, ही नाही. दर १०,००० किलोमीटरला बोनेट उघडतात, बिलं फाडतात, पण त्या वळणावर कुणी बोट लावलेलं नाही. मिस्त्रींनी नवी नळी जरा लांब ठेवून वळण मोठं केलंय आणि इंजिनच्या ब्लॉकपासून दूर बांधलीय. एवढंच करायचं होतं कंपनीला.

ह्या रागातच ८५० रुपयांचं ब्लूटूथ स्कॅनर मागवलं. मोबाइलवर आकडे दिसतात. त्यावरून एक गंमत. इंजिन बंद, किल्ली ऑन, तेव्हा मॅनिफोल्डचा, म्हणजे इंजिनात हवा नेणाऱ्या पाइपातला दाब बाहेरच्या हवेएवढा दिसायला हवा. आकडा आला ९२ किलोपास्कल. माझा भाचा इंजिनिअरिंगला आहे. म्हणाला, "मामा, हे १०१ पाहिजे. सेन्सर गेलाय." २,८०० रुपयांचा सेन्सर त्यानं ऑनलाइन कार्टमध्ये टाकलासुद्धा. १०१ समुद्रकाठी असतं बाबा. बेळगाव साधारण ७५० मीटर उंचावर आहे, इथं ९२-९३च यायचं. कोल्हापूरला गेलो तेव्हा ९४ दिसलं आणि माझा जीव भांड्यात पडला. नळी बदलल्यावर आता चढावर पाय दाबला की दाब २१०पर्यंत जायला लागला. मायलेजही १३वरून १८वर आलं.

हे सगळं मी मार्चमध्ये लिहून ठेवलं होतं, सर्व्हिस सेंटरला शिव्या घालून. टाकायचं राहून गेलं. बरं झालं राहिलं.

जूनमध्ये सावंतवाडीहून येताना आंबोली घाटात पुन्हा गाडी मेली. पण ह्या वेळी वेगळं. आधी नेहमीपेक्षा जास्त जोरानं ओढलं, मग एक झटका, मग काही नाही. कोड पी ०२३४. हा बरोबर उलटा, मागितल्यापेक्षा दाब जास्त झाला. पहिल्यांदा नळीच बघितली. नळी ठणठणीत.

मिस्त्रींनी परत हातपंप लावला. ह्या खेपेला दांडी गुळगुळीत जाईना, मध्येच अडकून टकदिशी पुढं उडायची. पाती काजळीनं चिकटत होती, मिटलेल्या जागी अडकली की दाब बेसुमार वाढायचा आणि कंप्युटर ताकद तोडायचा. "गाडी कुठं चालवताय?" विचारलं. टिळकवाडी ते शहापूर, तीन किलोमीटर, तिसऱ्या रेल्वे गेटात अडकून. इंजिन तापायच्या आत ऑफिस येतं. अशा चालवण्यानं काजळी जमते. नंतर मान खाली घालायची वेळ आली. "ऑइल कधी बदललंय?" मी दोन वेळा १५,०००वर नेलं होतं, पुस्तकात १०,००० असताना. दर वेळी साडेतीन हजार वाचवले म्हणून घरी सांगितलं होतं. टर्बोला तेल नेणाऱ्या पाइपचा बोल्ट त्यांनी उलटा धरला, भोकाच्या कडेला डिंकासारखा तपकिरी थर. शाफ्ट मिनिटाला लाखावर फेरे घेतो, आणि त्याचं सगळं जगणं त्या भोकातून येणाऱ्या तेलावर.

म्हणजे टर्बो उतरवायलाच लागला. सर्व्हिस सेंटरच्या त्या पोराला मी अर्धे मार्क देतो. टर्बोत दोष होता, त्याला तो माहीत नव्हता, तरी होता. डिसेंबरात नळी आणि ही काजळी दोन्ही बहुतेक एकत्रच असणार, नळीनं काजळीवर पांघरूण घातलं होतं. पण ७४,०००ची असेंब्ली बसवली असती तर? तीच फुटकी नळी, तेच डिंक झालेलं तेल, नवा टर्बो. दोन महिन्यांत तोही गेला असता आणि मग म्हणाले असते, ऑइल वेळेवर बदललं नाही, वॉरंटी नाही.

टर्बो कोल्हापूरला फक्त टर्बोचंच काम करणाऱ्याकडं गेला. त्यानं फोनवर फोटो पाठवले, कडं तव्याच्या बुडासारखं काळं. साफ करून, गॅस्केट बदलून ७,८००. उतरवणं-बसवणं ४,५००. ऑइल, फिल्टर, तेलाचा पाइप धुऊन ३,९००. कोअर, म्हणजे आतला शाफ्ट, चाकं, बेअरिंग, नवा टाकायचा का विचारलं, १८,००० जादा. जुन्याला अजून दम आहे असं तोच म्हणाला, मी नको म्हटलं. चुकलो का ते पुढं कळेल. एक मात्र त्यानं बजावलं आणि मीही सांगतो. पात्यांच्या दांडीजवळ लॉक नट लावलेला एक बारीक स्क्रू असतो, तो मशीनवर हवा मोजून सेट केलेला असतो. 'जरा पिकअप वाढवून देतो' म्हणत कुणी त्याला पाना लावला तर गाडी परत घ्या. बसवताना मिस्त्रींनी तेलाच्या भोकात आधी हातानं तेल सोडलं, मग स्टार्टर मारला. कोरड्या शाफ्टवर पहिला फेरा नको.

सगळा खर्च, स्कॅनिंग आणि ८५०चं खेळणं धरून, १९,०००.

गणपतीत गोव्यात फोंड्याच्या पाहुण्यांकडं गेलो होतो. तिथं किल्ली ऑन करून बघितलं, १००. भाच्याला फोटो पाठवला, त्यानं अंगठा पाठवला. येताना चोर्ला घाट, पाऊस, गाडीत पाचजण आणि नारळाचं पोतं. तिसऱ्यात सरळ वर आली, दाब २०५च्या आसपास, दिवा नाही. वर टपरीवर चहाला थांबलो तर मी गाडी मिनिटभर चालूच ठेवली, टर्बो निवायला. आई म्हणाली, "डिझेल काय फुकट मिळतंय?" तिला तेलाचा थर समजावायला गेलो, चहा गार झाला.

ज्यांच्याकडं २०२० नंतरची, म्हणजे बीएस ६ डिझेल आहे त्यांनी माझ्यावर जाऊ नये, त्यांच्याकडं काजळीचा फिल्टर वेगळा आणि त्याची दुखणी वेगळी. बाकीच्यांनी पी ०२९९ आला तर आधी गाडी तापवा, टॉर्च मारा, दांडी बघा, मग ती नळी वाकवा. वळणावर.

मी आता ऑइल ८,०००ला बदलतो. रविवारी उगाच खानापूरपर्यंत जाऊन येतो, बायकोला सांगतो गाडीसाठी. आणि पतसंस्थेत दरमहा १,०००ची आवर्ती ठेव उघडलीय, अठरा महिन्यांची. पासबुकावर पेन्सिलीनं 'कोअर' लिहिलंय.